गिरणीच्या खळ्यावरची चाकं

“पडले नाय, बसले!”

गिरणीच्या सिमेंटच्या खळ्यावर धप्पकन आवाज झाला की पाठोपाठ हे वाक्य यायचं. गुडघ्यातून रक्त वाहत असे, परकर फाटलेला असे, पायातलं एखादं चाक अजून हवेतच फिरत असे आणि ही बया हनुवटी वर करून मला सांगे की ती बसली. तिला बसायचंच होतं. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. माझ्या वाट्याला आलेलं माणूस जेमतेम तेरा वर्षांचं होतं, म्हणून त्रास काही कमी झाला नाही.

वडिलांची बदली पनवेलच्या कचेरीत झाली तेव्हा आम्हाला भाताच्या गिरणीला लागून घर मिळालं. मी मुंबईत इंग्रजी शाळेत शिकलेली, चारचौघांत तोंड न उघडणारी. खिडकीत बसून बाहेर बघत राहणं एवढाच माझा उद्योग. ही मुलगी गिरणीच्या मुकादमांची. मालकांच्या मुलाने मुंबईहून चाकांचे बूट आणले होते. त्याची हौस फिटल्यावर ते हिच्याकडे आले. बुटांबरोबर ते कसे चालवावेत याचं एक इंग्रजी पुस्तकही आलं, आणि तिथेच माझा घात झाला.

मुंबईतल्या एका क्लबात दर वर्षी लहान मुलांच्या स्केटिंगच्या स्पर्धा होत. मालकांनी कौतुकाने हिचं नाव तिथे देऊन टाकलं. मग मुकादम आमच्या ओट्यापाशी आले.

“ताई, तुमाला इंग्रजी येतं. पोरीला पुस्तकातलं जरा सांगा. पयल्या तिनात आली तर क्लबवाले तिला फुकट शिकवनार हायत. तिची मावशी ऱ्हाते मुंबईला, तिच्याकडं ठेवीन. नाय आली तर चाकं मालकांना परत. मग घरातलं काम शिकायचं. मी बोललोय तिला.”

इंग्रजी मला येत होतं. चाकांवर नुसतं उभं राहणंसुद्धा येत नव्हतं. पण ते सांगायला तोंड उघडावं लागलं असतं, म्हणून मी गुरू झाले.

पहिलाच धडा आठाचा. एका पायावर एक पुरा गोल, पाय बदलून त्याला चिकटून दुसरा. मी खिडकीतून सांगितलं, “आठचा आकडा काढ.” तिने मान डोलावली, वरून तिरपी खाली आली, झोकात वळली आणि शेपटी ओढत थेट गटारात गेली. मराठी आठ, अगदी वळणदार.

“असा नव्हे! इंग्रजी आठ!”

“मंग तसं सांगायचं ना, ताई. मला काय म्हाईत तुमचा आठ येगळा हाय?”

मी खाली उतरले. खिळा आणि सुतळी घेऊन आम्ही खळ्यावर चुन्याचे दोन गोल आखले. चाकं त्या रेघेवरून जायला हवीत, तसूभर इकडेतिकडे चालणार नाही, असं पुस्तकात होतं. ती म्हणाली, “पुस्तकवाल्याला आमचं खळं दाखवा.” तिचं म्हणणं अगदीच चूक नव्हतं. पाणी वाहून जावं म्हणून खळ्याला गटाराच्या बाजूला उतार होता; बूट काढून ठेवले की ते आपले आपणच निघत. ही गोलाच्या वरच्या अंगाला जाताना जोर लावी आणि खालच्या अंगाला येताना शरीर मागे झोकी. महिन्या-दोन महिन्यांत चाकं चुन्यावरून अशी जाऊ लागली की मीच तोंडात बोट घातलं. अर्थात तिला तसं सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिने पुस्तक चुलीत घातलं असतं.

बाकी सगळ्याला नन्नाच. हात पाण्यावर टेकल्यासारखे ठेव म्हटलं, तर म्हणे, “पानी कुठं हाय?” चेहरा हसरा ठेव म्हटलं, तर दातांच्या दोन्ही रांगा दाखवत फिरली, भाताची पोती उतरवणारे गडी घाबरले. गाण्यावर फिरायचं असतं म्हटलं, तर गिरणीच्या इंजिनाच्या ठोक्यावर फिरू लागली आणि वर मलाच म्हणाली, “हे काय वाईट हाय? रोज वाजतं, पैसं पन नाय पडत.” पुस्तकातलं एकच वाक्य मी तिच्याकडून अक्षरशः पाठ करून घेतलं होतं: संगीत संपलं की थांबायचं आणि नमस्कार करायचा. रोज सकाळी विचारलं तरी ती बरोबर सांगत असे.

स्पर्धेला आम्ही तिघं एस. टी.ने ठाण्यावरून गेलो. क्लबाचा हॉल पाहून मुकादम चपला हातात घेऊन उभे राहिले. जमीन लाकडाची, गुळगुळीत आणि सपाट.

पहिला भाग आठाचा. तिने सुरुवात केली, गोलाच्या वरच्या अंगाला सवयीने जोर लावला, पण तिथे चढ नव्हता. खालच्या अंगाला शरीर मागे झोकलं, पण तिथे उतार नव्हता. त्या आठाची दोन अंडी झाली. इतर मुली रिबिनी बांधून, कंपास फिरवल्यासारख्या फिरल्या. ती परत आली तेव्हा मी दात-ओठ खात होते.

“ताई, जमीन तिरकी हाय.”

“सरळ आहे ती!”

तिने एक पाय पुढेमागे करून पाहिला. मग जमिनीकडे पाहत म्हणाली, “तेच तर. अख्खीच्या अख्खी सरळ हाय.”

पुढचं आधीच सांगून टाकते, कारण त्यात सांगण्यासारखं फार काही नाही. तिचा चौथा नंबर आला. दुसऱ्या दिवशी मुकादमांनी बूट फडक्यात बांधून मालकांना नेऊन दिले. आमची बदली झाली. तिला उरणकडे मोरा बंदराच्या बाजूला मिठागरवाल्या घरात दिल्याचं कुणीतरी सांगितलं. पुन्हा भेट झाली नाही. भेटली असती तर मी आधी भांडले असते, कारण तिसरा नंबर अगदी हातात आला होता.

तो असा. दुसऱ्या भागात संगीतावर मनासारखं फिरायचं होतं. रेकॉर्ड लागली आणि ती निघाली. वर्षभर अंगात मुरलेला तो जोर आता चढाला द्यायचा नव्हता. सगळाच्या सगळा वेगाला मिळाला. उलटी फिरली, एका पायावर फिरली, उडी मारली आणि पडली नाही. परीक्षकांत एक पांढऱ्या केसांच्या पारशी बाई होत्या, त्या खुर्चीत पुढे सरकल्या. मुकादमांनी चपला खाली ठेवल्या. मी मनात म्हटलं, आली, तिसरी आली.

संगीत संपलं. ती थांबली नाही.

परीक्षकांनी घंटा वाजवली. तिने हॉलला आणखी एक फेरी घातली. मी रेलिंगवरून हातवारे केले, नमस्कार करून दाखवला, माझी सारी लाज सोडून “अगं, थांब!” म्हणून ओरडले. मुंबईत, इतक्या लोकांत, मी ओरडले! पुन्हा घंटा झाली. वेळेपेक्षा जास्त फिरल्याबद्दल गुण कापले जात होते, हे मला दिसत होतं.

पारशी बाई माझ्याकडे वळल्या. “ही मुलगी तुमची ना? तिला बाहेर बोलवा. आता दुसरीची पाळी आहे.”

मी पुन्हा हाक मारायला तोंड उघडलं. तेवढ्यात ती माझ्या समोरून गेली. हात तिने पाठीमागे बांधले होते. पुस्तकातलं हसू नव्हतं, दात नव्हते; तोंड जरासं उघडं होतं, आणि तिला मी दिसतही नव्हते.

“जरा थांबा,” मी बाईंना म्हणाले.

पुढच्या मुलीचं नाव पुकारलं गेलं. मग पुन्हा पुकारलं गेलं. ती मुलगी पांढरा फ्रॉक घालून दाराशी कठडा धरून उभी होती. तिच्या आईने तिला मागून ढकललं, तरी ती आत जाईना. ती आमच्या मुलीकडे बघत होती.