पट्ट्यावरची जाळी

गोजरबाई आमच्या केम गावची. लग्नानंतर सोलापूरला आली आणि गिरणीत सूत गुंडाळायच्या रिळावर लागली. मी त्याच गिरणीत कापसाच्या गासड्या उचलायचो. तिचं काम मी पाहिलं आहे. तुटलेला धागा जोडताना तिचा हात थांबत नसे. असा हात फार थोड्यांचा.

तिचा नवरा जोतीराम पिंजण खात्यात होता. तिथं यंत्र फिरवणारा चामड्याचा रुंद पट्टा असे आणि त्यात कुणी ओढलं जाऊ नये म्हणून त्यावर लोखंडी जाळी. खंडेनवमीला यंत्रं पुसून पूजा व्हायची. वीरभद्रप्पा जॉबरच्या, म्हणजे दोन्ही खात्यांत माणसं लावणाऱ्या मुकादमाच्या, सांगण्यावरून जोतीरामनं जाळी काढली, चाकाला हळदकुंकू लावलं, नारळ फोडला. परत बसवताना दोन बोल्टांचे आटे गेलेले निघाले. जॉबर म्हणाला, "ठेव बाजूला. नवे आले की बसवू."

दिवाळी झाली तरी बोल्ट आले नाहीत. बसवणं अर्ध्या तासाचं काम होतं. एके दुपारी जोतीरामच्या धोतराचा सोगा पट्ट्यात गेला. पट्टा थांबवेपर्यंत सगळं संपलं होतं.

फौजदारानं विचारलं, जाळी कुणी काढली? गोजरबाई रडत होती, तरी मान वर करून म्हणाली, "आमच्या कारभाऱ्यांनी. पूजेचा मान त्येंचा व्हता. सोताच्या हातानं काढली." फौजदारानं लिहून घेतलं, खाली तिचा अंगठा घेतला. गेलेल्या माणसाचं चांगलंच लिहितायत, असं तिला वाटलं.

भरपाईचा कायदा तेव्हा नवा होता. कामावर माणूस मेला तर मालकानं घरच्यांना भरपाई द्यायची. पण कामगारानं स्वतःच जाळी मुद्दाम काढली असेल तर मालक सुटायचा. गोजरबाईनं अर्ज केला. पैसे आले की केमला जाऊन शेळ्या घ्यायच्या, एवढंच तिचं म्हणणं. जॉबरनं दिलेल्या खोलीत, त्याच्या मर्जीवर तिला राहायचं नव्हतं.

सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी सिदू आला. तो पिंजण खात्यात यंत्रांना तेल घालायचा. जॉबरनं जाळी काढायला सांगितलेलं त्यानं ऐकलं होतं.

"वैनी, उद्या म्हणा, जाळी कुणी काढली ठावं न्हाय. फौजदारानं आपल्या मनानं लिवलं."

"आन तू काय सांगशील?"

"मी कशाला येतूय तितं? मला पोरंबाळं हायत की."

"मग खोटं मी एकटीनंच बोलायचं व्हय?"

सिदू चहा न घेता गेला.

दुसऱ्या दिवशी मी खाडा करून तिच्यासोबत गेलो. मागच्या बाकावर जॉबर बसला होता. गिरणीच्या वकिलानं विचारलं, "जाळी नवऱ्यानंच काढली ना?"

"व्हय."

"कुणी जबरदस्ती केली?"

"देवाच्या कामाला जबरदस्ती कशाला लागतीया? जॉबरनं सांगितलं, त्येंनी हौसेनं केलं. पर बोल्ट का आलं न्हाईत, ते इचारा की!"

सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी जॉबरच्या सांगण्याला साक्षीदार विचारला. तिनं दाराकडं पाहिलं. कुणी आलं नाही. अर्ज फेटाळला.

बाहेर वीरभद्रप्पानं तिला गाठलं. "बाई, उद्या भोंग्याला ये. मी मनात काय ठिवलं न्हाय."

तिनं होकाराची मान हलवली. खोली त्याच्या हातात होती.

तो गेल्यावर मी म्हणालो, "वर अपील करता येतंय म्हणं. तितं तरी सिदू म्हणतोय तसं बोल."

"ज्ञानबादादा, त्येंनी अंगुळ करून, धुतलेलं धोतर नेसून पूजा केली. ती केलीच न्हाय, असं मी कसं म्हणू?"

मी तिला खोलीपर्यंत सोडून आलो.

सकाळी ती भोंग्याआधी फाटकात होती. आत गेल्यावर कळलं, जॉबरनं तिचं यंत्र दुसऱ्या बाईला दिलेलं. तिच्या वाट्याला कोपऱ्यातलं, सारखा धागा तोडणारं जुनं यंत्र आलं होतं. तिनं पदर खोचला आणि पहिला धागा जोडायला घेतला.