काकांचा उशीचा सिद्धांत

सरळ सांगते: माझ्या काकांचा सिद्धांत मला तेव्हाही पटला नव्हता आणि आजही पटत नाही. पण त्यांचं काम राहतं की जातं, हे शेवटी त्या सिद्धांतावरच येऊन ठेपलं, म्हणून लिहिते.

काका बमरोलीला एका खात्यात माग चालवायचे. खातं म्हणजे पत्र्याखाली कोंबलेले पॉवरलूम. पाळी बारा तासांची. रात्री काका, दिवसा एक ओडिया माणूस, माग तोच. आणि मेसमधली, म्हणजे कामगारांच्या राहायच्या खोलीतली, खाट नि उशीही तीच. एक उठला की दुसरा पडायचा, खाट कधी गार व्हायचीच नाही. चार वर्षांत दोघांचं बोलणं काय, तर दारातलं "चलो?" आणि "चलो."

मी डिंडोलीत राहते. पत्रकं लिहिते, वाटते, वाटताना शिव्याही खाते. 'माणशी एक खाट' हे माझंच पत्रक. ते काकांना वाचून दाखवलं, तर म्हणाले, "यामां विज्ञान नही."

"मग कशात आहे?"

काकांनी लहानपणी शेळ्या वळलेल्या. त्यांचं म्हणणं असं, की झोपेत माणसाचे विचार चरायला जातात. स्वप्न म्हणजे कुरण. चरून परतले की ते डोकं शोधत नाहीत, उशी शोधतात. "बकरी मालक वळखत नही, माय. खुंटा वळखस. उशी म्हणजे खुंटा." मधल्या वेळात उशीवरचं डोकं बदललेलं असलं, तर विचार त्या नव्या डोक्यात शिरतात. पुरावा? काकांनी जन्मात मासा खाल्ला नव्हता आणि रोज संध्याकाळी उठले की त्यांना पाण्यातला भात नि तळलेली मासळी आठवायची. मुलीच्या लग्नाची काळजी लागायची. काकांना मुलगीच नाही.

"काका, बारा तास उभं राहिल्यावर कुणालाही काहीही आठवेल! हे शोषण आहे, शोषण!"

"शोषण शे ना. पण बकरीस्ना प्रश्न पण शे."

आणि एकदा पाळी संपता संपता काका मागापुढे उभ्या उभ्या झोपले. धागा तुटला, माग चालतच राहिला, कापड नासलं. खात्याच्या मास्टरनं सांगितलं, आता येऊ नको.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकांना घेऊन मी खात्यावर धडकले. हातात तीन पानी निवेदन. मास्टर बशीत चहा ओतत होता. "आम्ही या अमानुषतेचा तीव्र..." एवढं मी वाचलं, तोच काका मध्ये बोलले. मोडक्या हिंदीत त्यांनी अख्खा सिद्धांत मांडला. बकरी, कुरण, खुंटा, सगळं. मी निवेदन तोंडासमोर धरलं.

मास्टरनं बशी खाली ठेवली. "मतलब सोया तू, लेकिन नींद उसकी थी?"

"जी साहेब. मेरी बकरी घर आयीच नहीं थी."

मास्टर विचारात पडला. खरंच पडला! माझी पत्रकं यानं शेंगदाण्याच्या पुड्या बांधायला वापरली होती आणि बकरीवर मात्र गंभीर! कारण निघालं असं, की हा झोपायचा सासऱ्याच्या जुन्या पलंगावर आणि लग्नापासून त्याला राहतं घर विकायचे विचार येत होते.

"वात साची छे," तो म्हणाला. "तेरा कसूर नहीं. उसको निकालते हैं. तू शाम को आ जा."

समोरच तो ओडिया माणूस माग चालवत होता. त्या खडखडाटात त्याला काही ऐकू जाणं शक्य नव्हतं. काकांना बघून त्यानं मान हलवली, दारात हलवायचा तशीच.

मी निवेदन उलटंपालटं केलं. तीन पानांत यावर एक ओळ नव्हती.

"नहीं साहेब," काका म्हणाले. "बकरी मेरी थी."

"अभी तो तू बोला..."

"झूठ बोला. ऐसा कुछ नहीं होता. मैं सो गया था." मग जरा थांबून, "उसकी लड़की की शादी है."

"तेरे को किसने बताया? उसने?"

काका दाराकडे वळले.

काम गेलं. खाट कामाबरोबरची, तीही गेली. पांडेसऱ्यात एका रंगखात्यात त्यांना पुन्हा रात्रपाळीच मिळाली. आता ते दिवसा आमच्या खोलीत, माझ्या गादीवर, माझ्या उशीवर झोपतात. मी तेव्हा बाहेर असते. सिद्धांताचं नाव काढत नाहीत. मीही विचारत नाही.

परवा संध्याकाळी घरी आले, तर काका उठून बसलेले, चेहरा लालबुंद.

"त्या मास्टरले कोणी काही बोलत का नही? कागद काढ! लिही!"

त्यांनी मागण्या सांगितल्या. माझ्याच होत्या, माझ्याच क्रमानं, आणि त्यांना न दाखवलेल्या. मी मुकाट्यानं लिहून घेतलं. 'तीव्र' हा शब्दसुद्धा त्यांनीच सांगितला.