ओडील व्हेरेची दहा बोटं

ओडील व्हेरेला बोटं आहेत, हे सरकारला पटवून द्यायला आम्हाला अकरा आठवडे लागले. आम्हाला म्हणजे तिला आणि मला. मी अर्लीन. लुइझियानाच्या या खालच्या टोकाला, कालवं फोडून मांस काढायच्या शेडमध्ये, मी बावीस वर्षं तिच्या शेजारच्या ठोकळ्यावर उभी आहे. ती उजवीकडे, मी डावीकडे. तिचं कोपर मला लागलं नाही असा एक दिवस गेला नसेल, आणि लागल्यावर तिनं कधी सॉरी म्हटलं असेल तर शपथ.

त्या वर्षी ऑगस्टच्या शेवटी तिला तुरुंगातून पत्र आलं. क्लोव्हिस चौदा नोव्हेंबरला सुटणार. क्लोव्हिस तिचा नवरा. घटस्फोट होऊन गेला होता, पण अशा माणसाचा घटस्फोट कागदावरच होतो. चार वर्षांपूर्वी त्यानं तिचा जबडा मोडला, म्हणून तो आत गेला होता. पत्र वाचून तिनं घडी घातली, एप्रनच्या खिशात ठेवलं आणि सुरी उचलली.

मी म्हटलं, "अगं, कोर्टाचा मनाई हुकूम आहे ना?"

"मागच्या वेळीही होता," ती म्हणाली. "त्यानं तो माझ्यासमोर उभं राहून वाचला, नीट घडी घालून माझ्याच खिशात ठेवला, आणि मग मारलं."

कप्पाळ त्या हुकमाचं! आमच्या शेडला यायचा रस्ता सात मैल दलदलीतून येतो. वाटेत एक घर नाही, फोन लागत नाही, आणि कामाला उभं राहायचं पहाटे चारला. त्या रस्त्यावर कुणी गाडी आडवी लावली तर ओरडून ऐकणार कोण? बगळे?

म्हणून तिनं ठरवलं, बापाचं रिव्हॉल्व्हर पर्समध्ये ठेवायचं. मी म्हटलं, मग ठेव की! निम्मं गाव ठेवतं. कोण पर्स उघडून बघायला येतंय?

"आणि सापडलं तर? तो बाहेर आणि मी आत? नाही अर्लीन. त्या माणसापायी मी सगळं चोरून केलं. चोरून रडले, आईला फोन केला तोही चोरून. आता जे करीन ते परवाना काढून, सही-शिक्क्यानिशी. त्याला नडायचं तर उघड नडायचं."

परवान्याच्या वर्गात ती जाऊन आली. शिकवणाऱ्या मास्तरपेक्षा हिचा नेम बरा निघाला, म्हणे. अर्ज भरला, फोटो काढला. राहिले फक्त बोटांचे ठसे. ते द्यायला शेरीफच्या ऑफिसात जायचं होतं.

आता आमचं एक असतं. कालवं फोडणारी बाई चर्चला निघो, बँकेत निघो, की मुलीच्या शाळेत निघो, आधी हात घासते. साधे नाही, ब्लीचच्या पाण्यात बुडवून, वरून अर्धं लिंबू आणि मीठ लावून, नखांच्या मुळांपर्यंत. कालवांचा वास असा चिवट की साबणाला दाद देत नाही. ऑफिसातल्या इस्त्रीच्या कपड्यांतल्या बाया नाक मुरडतात, ते आम्हाला ठाऊक असतं. त्या दिवशी लिंबं मीच घेऊन गेले. दोघींनी मिळून तिचे हात असे घासले की लालबुंद झाले. वास पार गेला. मी म्हटलं, "आता तुला गव्हर्नरच्या शेजारी जेवायला बसवलं तरी चालेल."

ठसे घ्यायला टॅडलॉक नावाची एक तरुण डेप्युटी, म्हणजे शेरीफच्या हाताखालची पोलीस होती. पोरगी मर्यादेनं वागणारी. काचेवर शाई पसरली, ओडीलचं एकेक बोट धरलं.

"बोट सैल सोडा, मिस ओडील. मी फिरवते, तुम्ही फिरवू नका."

"सैलच आहे."

"नाही ना. तुम्ही माझंच बोट दाबताय."

चाळीस वर्षं जी बाई धारदार शिंपला मुठीत दाबून धरते, तिला बोट सैल सोड म्हणून सांगायचं! तरी दहाही बोटं झाली. कार्डावर मी वाकून पाहिलं. दहा काळे डाग. रेघ म्हणून नावाला नाही. टॅडलॉकनं शाई वाळू दिली. कार्ड पाकिटात घातलं.

तीन आठवड्यांनी पत्र आलं: ठसे वाचण्याजोगे नाहीत, पुन्हा द्यावेत.

दुसऱ्या खेपेला मीच अक्कल पाजळली. म्हटलं, कालवाचा चिकट थर बसला असेल बोटांवर, म्हणून रेघा उमटत नसतील. दुप्पट घासू. चार लिंबं संपवली. ब्लीचनं माझ्याच डोळ्यांतून पाणी आलं. ती मुकाट्यानं हात पुढे करून बसली होती.

त्या दिवशी टॅडलॉकच्या मागे एक पोट सुटलेला डेप्युटी कॉफी पीत उभा होता. कार्डाकडे बघून तो म्हणाला, "असे हात मी आधी पाहिलेत. काही लोक मुद्दाम घासून काढतात. ज्यांना काहीतरी लपवायचं असतं ते."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पण मी तोंड उघडायच्या आत ओडीलनं शाईचे दोन्ही पंजे त्याच्या तोंडासमोर धरले.

"लपवायचं असतं तर मी तुमच्या दारात दोनदा कशाला आले असते, साहेब? या बोटांनी या गावाला चाळीस वर्षं कालवं खाऊ घातलीत. तुमच्या लग्नातली कालवं कुणी फोडली होती, विचारा घरी. ठसे हवे असतील तर तुमच्या पोटात शोधा."

टॅडलॉकनं खाली मान घालून हसू दाबलं. तो गेला कॉफी घेऊन. पण हसून काय होणार? ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात तेच पत्र पुन्हा आलं. आता उरले होते पाच आठवडे.

तिसऱ्यांदा गेलो तेव्हा टॅडलॉकनं शाई काढलीच नाही. ओडीलचे हात दिव्याखाली धरले, भिंगातून पाहिलं.

"मिस ओडील, तुम्ही तीन आठवडे काम बंद ठेवू शकाल का? हातांना विश्रांती मिळाली तर रेघा वर येतात."

"नाही."

"फक्त तीन आठवडे…"

"पोरी, ऐक. क्लोव्हिसनं मला लग्नाच्या सुरुवातीला दोनदा काम सोडायला लावलंय, ही अर्लीन शेडमध्ये यायच्या आधी. एकदा म्हणाला, तिथं पुरुष बघतात. एकदा म्हणाला, बायको राबते म्हणून लोक हसतात. दोन्ही वेळा सोडलं. आता तो सुटणार म्हणून मी तिसऱ्यांदा सोडू? मग परवाना कशाला, त्यालाच घरी बोलावते की."

टॅडलॉकनं तिची बोटं पुन्हा उलटीपालटी करून पाहिली. मग तिनं विचारलं, "हात कशानं धुता?"

मी मोठ्या अभिमानानं सांगितलं. ब्लीच, लिंबू, मीठ. इथं यायचं म्हणून तर खास दुप्पट.

ती पोरगी माझ्याकडे अशी बघत राहिली की मला पाय कुठे ठेवू कळेना. "अहो, शिंपल्यांनी ठसे झिजतात थोडे," ती म्हणाली, "पण त्यावर ब्लीच म्हणजे उरलंसुरलं कातडंही गेलं. माझी आई कोळंबीच्या कारखान्यात होती, तिच्या बोटांना रेघा होत्या. ती नुसता साबण लावायची. ब्लीच बंद करा. डाव्या हातात हातमोजा घाला. रात्री चरबी चोळा. आणि ऑक्टोबरच्या अगदी शेवटी या."

म्हणजे दोन्ही वेळा मीच तिचे ठसे पुसून तिला घेऊन आले होते! लिंबं माझी, अक्कल माझी. गाडीत बसल्यावर मी स्वतःला मनसोक्त शिव्या घातल्या. ओडील खिडकीबाहेर बघत होती. मला वाटलं, रागावली.

मग ती म्हणाली, "तू नाही गं. तू दोनदा घासलेस. त्यानं रोज घासायला लावले. ब्लीचनं हात धुवून आल्याशिवाय टेबलाशी बसू द्यायचा नाही. तळवे नाकाशी धरायचा. वास आला तर ताट उचलायचा. तो आत गेला, मी मोकळी झाले, आणि तरी चार वर्षं रोज संध्याकाळी मी मोरीपाशी उभी राहून घासतेच आहे. कुणासाठी गं, अर्लीन? कुणासाठी?"

मी गाडी बाजूला घेतली. मला पुढचं दिसेना. ती मात्र रडली नाही. तिला राग आला होता, आणि तो राग पाहून मला फार बरं वाटलं.

घरी गेल्यावर तिनं ब्लीचची बाटली उचलून मागच्या खाजणात ओतली. मासे मरतील म्हटलं तर म्हणाली, "मरू देत, एक दिवस."

आणि मग सुरू झाला तिचा वास. हातमोजा घातला तिनं, पण शिव्या देत, कारण हातमोज्यातून शिंपल्याची बिजागरी कळत नाही आणि सुरी घसरते. फोडलेल्या कालवांचा डबा भरायला तिला माझ्याहून उशीर व्हायला लागला. बावीस वर्षांत पहिल्यांदा! मी चिडवलं तर कोपर मारलं. रविवारी ती चर्चला आली तशीच, नुसत्या साबणानं धुतलेले हात घेऊन, आणि बसली कुठे? दुसऱ्या रांगेत, गावातल्या बड्या मिसेस फॉल्गूच्या शेजारी. फॉल्गूबाईंनी रुमाल काढून नाकाला लावला. सगळं चर्च बघतंय.

ओडील वळून अगदी गोड आवाजात म्हणाली, "थँक्सगिव्हिंगला तीन डझन नेता तेव्हा नाही रुमाल लागत तुम्हाला."

मागच्या बाकावर आमची शेडमधली सुझेट फिस्सकन हसली. पुढच्या रविवारी सुझेटही ब्लीच न लावता आली. त्याच्या पुढच्या रविवारी मी आले. खोटं कशाला सांगू, मला लाज वाटत होती. हात मी शालीखाली धरले होते. प्रार्थना संपल्यावर शेजाऱ्याचा हात हातात घ्यायचा असतो, तेव्हा ओडीलनं शालीत हात घालून माझा ओढून बाहेर काढला आणि वर धरला. मेली!

ऑक्टोबरच्या शेवटच्या दिवशी आम्ही शेरीफच्या ऑफिसात गेलो. टॅडलॉकनं शाई अगदी पातळ पसरली. बोट जेमतेम टेकवून फिरवलं. ओडीलनं या वेळी डोळे मिटून घेतले होते आणि खरंच सैल सोडलं होतं.  उजवा अंगठा आला. त्यावर रेघा होत्या! बारीक, मध्येच चिरांनी तुटलेल्या, पण वळण घेत गेलेल्या. मी ओरडलेच. डाव्या हाताची तीन बोटं पुसटच राहिली. बाकी सात उमटली.

"सात पुरे होतील?" ओडीलनं विचारलं.

"मी सोबत चिठ्ठी लावते," टॅडलॉक म्हणाली. "दोनदा परत आलेत, काम कोणतं आहे, सगळं लिहिते. पण वेळेत येईल असं वचन नाही देऊ शकत, मिस ओडील."

पुढचे दिवस कसे गेले ते आमचं आम्हाला माहीत. ओडील रोज टपालपेटी उघडायची. बारा तारखेला काही नाही. तेरा तारखेला काही नाही. चौदाला क्लोव्हिस सुटला. त्या पहाटे मी माझी गाडी तिच्या गाडीच्या पुढे ठेवून सात मैल आले. दुसऱ्या दिवशी सुझेटही आली. तीन गाड्यांची वरात. सतरा तारखेला परवाना आला. तिनं तो शेडमध्ये आणला, सगळ्यांना दाखवला आणि ओला हात लागू दिला नाही कुणाचा.

एकोणीस तारखेला दुपारी सुट्टी झाली. आम्ही बाहेर आलो तर शिंपल्यांच्या ढिगापाशी त्याच्या भावाचा ट्रक उभा. क्लोव्हिस टेकून उभा होता. बारीक झाला होता, केस गेले होते. हसत होता. तेच हसू. 

ओडील चालत गेली. थांबली ती त्याच्यापासून दहा पावलांवर. पर्स खांद्यावरून पुढे घेतली, उघडली नाही. उजवा हात पर्सवर ठेवला.

"ओडील," तो म्हणाला, "बोलायचंय. गाडीत बस."

"इथूनच बोल."

"एवढ्या बायांसमोर?"

"हो. आता सगळं यांच्यासमोरच."

त्यानं पर्सवरच्या हाताकडे पाहिलं. "काय आहे त्यात?"

"बापाचं रिव्हॉल्व्हर. आणि ते बाळगायचा परवाना. शेरीफकडे माझे ठसे आहेत, माझं नाव आहे, आणि तुझं नाव मी कारण म्हणून लिहून आलेय. मला काही झालं तर ते पहिल्यांदा कुणाच्या दारात जातील, विचार कर."

तो पुन्हा हसायला गेला, पण ते जमलं नाही. मागे आम्ही चौदा जणी उभ्या होतो, प्रत्येकीच्या हातात सुरी. मुद्दाम नव्हे, दुपारी आम्ही सुऱ्या घरी नेतो धार लावायला. पण त्याला कोण सांगणार!

"मी काही करायला आलो नव्हतो," तो म्हणाला.

"मग जायला त्रास नाही होणार."

तो उभा राहिला. किती वेळ, मला सांगता येणार नाही. मग ट्रकचं दार उघडलं, आत बसला, आणि शिंपल्यांचा चुरा उडवत गेला. ओडील वळली नाही. ट्रकचा आवाज पुलापलीकडे जाऊन विरेपर्यंत ती तशीच उभी राहिली, हात पर्सवर ठेवून. मी धावत गेले. मला वाटलं आता कोसळेल, धरायला हवं. तिनं माझ्याकडे पाहिलं. चेहरा पांढरा पडला होता.

"अर्लीन," ती म्हणाली, "काहीतरी खायला दे गं. ऑगस्टपासून मला आज पहिल्यांदा भूक लागलीय."