आवाज नंतर भरायचा

शेजारच्या नेवियोकाकांचा टीव्ही दिवसभर चालायचा, पण आवाज बंद. मेलबर्नच्या टोकाला, पॉइंट कुकच्या आमच्या या नव्या घरांमध्ये शेजाऱ्याची शिंकसुद्धा ऐकू येते, म्हणून हे माझ्या लक्षात आलं. मला वाटलं, म्हातारा ठार बहिरा दिसतोय. एकदा कुंपणावरून मोठ्याने विचारलं, तर म्हणाले, "ओरडू नकोस, सुहासी. कान ठणठणीत आहेत. सिनेमे माझेच आहेत, म्हणून आवाज बंद ठेवतो."

आता घ्या. आम्ही त्यांना टाइल्सच्या दुकानातून रिटायर झालेले समजत होतो. तेही खरंच होतं म्हणा, पण त्याआधी हे गृहस्थ रोममध्ये दिग्दर्शक होते. निर्माता सांगेल ते करायचे. अंगाला तेल चोपडलेल्या पैलवानांचे सिनेमे चालत होते तेव्हा पैलवान, मग काउबॉय, मग भुतं, मग पोलिसांच्या गाड्यांचे पाठलाग. शेवटी शेवटी काही विनोदी सिनेमे, "ज्यांच्याबद्दल तू विचारू नकोस." एकाच भाड्याच्या किल्ल्यात सकाळी भूत नाचवायचं आणि दुपारी राजकन्येचं लग्न लावायचं. पोस्टरवर स्वतःचं नावही नसायचं, कुठलं तरी इंग्रजी नाव चिकटवलेलं. मग कामं आटली. बायकोच्या भावाचं मेलबर्नला टाइल्सचं दुकान होतं, तिथे आले. आठवडाभर टाइल्स विकायच्या आणि रविवारी इटालियन लग्नांचे व्हिडिओ काढायचे. तक्रार कधी ऐकली नाही, पण त्यांच्या बोलण्याला एक थकवा होता. मला तो लगेच ओळखू आला. मी नर्स आहे.

बायको म्हणजे आदा. ती जाऊन बरीच वर्षं झाली, मूलबाळ नाही. त्यांच्या जवळजवळ सगळ्या सिनेमांत ती आहे, कुठे चेटकीण, कुठे नन, कुठे काउबॉयची विधवा. पण तिचा आवाज एकाही सिनेमात नाही. तिथली पद्धतच तशी होती. शूटिंगच्या वेळी आवाज रेकॉर्डच करायचे नाहीत. नटांत कुणी जर्मन, कुणी स्पॅनिश, जो तो आपापल्या भाषेत बोलायचा, काहीजण तर नुसते आकडे म्हणायचे. आवाज नंतर स्टुडिओत भरायचा, तोही दुसऱ्याच कुणाचा. आदाचा आवाज घोगरा, निर्मात्यांना तो नको असायचा. मग तिने संवाद पाठ करणंच सोडून दिलं. कॅमेरा चालू असताना नवऱ्याशी बोलायची.

"हे बघ," काकांनी मला एकदा दाखवलं होतं. पडद्यावर ती काउबॉयच्या प्रेतावर पडून हंबरडा फोडत होती. "इथे म्हणतेय, तुझ्या आईला फोन कर, दोनदा विसरलास." म्हणून आवाज बंद. बायकोचे ओठ वाचत बसायचे बिचारे.

मग कोविड आला. त्या हिवाळ्यात वॉर्डात माझा जीव मेटाकुटीला आला होता. दिवसभर मास्क, वरून शील्ड. पेशंटना माझे ओठ दिसायचे नाहीत आणि मला त्यांचे. इकडे काकांच्या डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेला, आणि तातडीची नसलेली ऑपरेशनं सगळी पुढे ढकललेली. टीव्हीवर त्यांना नुसतं धुकं दिसायला लागलं. आणि नेमका त्याच महिन्यात आदाचा शेवटचा सिनेमा सापडला. शूटिंग संपताच निर्मात्याचं दिवाळं निघालं होतं, सिनेमा भलत्याच कुणी तरी पुरा केला, काकांनी तो कधी पाहिलाच नव्हता. युनिव्हर्सिटीत शिकणाऱ्या माझ्या लेकीने, सावनीने, तो इंटरनेटवर शोधून काढला. "फाउंड इट, मम," एवढंच बोलून ती ऑनलाइन लेक्चरला बसली.

आदा त्यात शेवटी काय म्हणाली, एवढंच काकांना हवं होतं. "ऑपरेशन होईल तेव्हा होईल," म्हणाले, "मी त्याआधी गेलो तर?"

मी म्हटलं, तुमच्या इटालियन क्लबातल्या कुणा मित्राला बघायला सांगा.

"आणि तिने मला शिवी दिली असेल तर? सगळ्या क्लबला कळेल."

म्हणून हे काम माझ्या गळ्यात पडलं. मला इटालियनचं अक्षर येत नाही, हीच माझी लायकी. शिफ्टवरून आले आणि तशीच त्यांच्या स्वयंपाकघराच्या खिडकीबाहेर उभी राहिले. मास्क खाली केला. ते आत, काचेला नाक लावून. पडद्यावरचे इवलेसे ओठ दिसत नसले, तरी मी तोंडावर ऊन घेतलं की जवळून त्यांना माझे ओठ दिसत होते. टॅबलेटवर आदा राणीच्या वेषात जिन्यावर मरत होती. ती जसं तोंड हलवेल तसं मी हलवायचं.

"पुन्हा," काका म्हणाले. "घाई करू नकोस."

पुन्हा केलं. "हनुवटी खाली. पुन्हा."

माझं डोकंच फिरलं. "काका, सकाळपासून उभी आहे मी. पायांचे तुकडे पडलेत."

"एकदाच. शेवटचं."

मी केलं. ओठ मिटले, उघडले, मग रुंद झाले. मला वाटलं, परत चुकलं.

"काय म्हणतेय?" मी विचारलं.

"म्हणतेय, मी दमले रे, नेवियो. घरी जाऊ या."

छान आहे की, असं काहीतरी मी बोलले.

"त्या शॉटला मी किल्ल्याच्या अंगणापलीकडे क्रेनवर होतो," ते म्हणाले. "मला दिसत होतं, ती सुंदर मरतेय. मी भोंग्यातून ओरडलो, सुंदर, आणखी एकदा. ती उठली, परत जिना चढली. अंधार पडेपर्यंत मी तिला चढवत होतो."

मग त्यांनी काचेवर हात टेकला, माझ्या चेहऱ्यासमोर.

"तू दमली आहेस, सुहासी. पुरे आता. घरी जा."

त्या अख्ख्या वर्षात मला हे कुणी म्हणालं नव्हतं, वॉर्डात नाही, घरातही नाही. दार माझं पलीकडेच होतं, पण मी तिथेच त्यांच्या बेसिलच्या वाफ्याजवळ खाली बसले आणि रडले.