दोन्ही येत नाहीत

बेळगावच्या एका कॉलेजात विद्युल्लताबाई तर्कशास्त्र शिकवत. तत्त्वज्ञान घ्यायला मुलं येईनात, तेव्हा विभाग बंद झाला. प्राचार्यांनी त्यांना ग्रंथालयाचं काम देऊ केलं.

"करीन," त्या म्हणाल्या, "पण सकाळी कॉम्प्युटरच्या वर्गात बसू द्या. तिथं माझाच विषय शिकवतात, वेगळ्या नावानं."

पन्नाशी उलटलेल्या बाई पहिल्या वर्षाच्या पोरांशेजारी बसू लागल्या. बरेच महिने त्यांचा एकही प्रोग्राम धड चालला नाही. कधी कंस उघडा राहायचा, कधी अटच उलटी पडायची. आयुष्यभर आपण माणसांच्या बोलण्यातल्या चुका काढल्या, आता यंत्र आपल्या काढतंय, हे बोचायचं. पण त्यांनी वर्ग चुकवला नाही.

शेजारी काकतीची तेजस्वी बसायची. तिनं एका दवाखान्यासाठी प्रोग्राम लिहिला होता. नियम दवाखान्याचाच: 'ज्या पेशंटला कन्नड आणि मराठी दोन्ही येत नाहीत, त्याला दुभाषी द्यावा.' चाचणीच्या दिवशी गुंजीच्या नागुबाई आल्या. दवाखान्यात काही डॉक्टर फक्त कन्नड बोलणारे, काही फक्त मराठी. नागुबाईंना फक्त मराठी येत होती, त्या दिवशीच्या डॉक्टरांना फक्त कन्नड. प्रोग्रामनं दुभाषी दिलाच नाही. गोळ्या कधी घ्यायच्या हे न समजताच म्हातारी निघाली होती. तेजस्वीनं दारात गाठून समजावलं.

"मॅडम, दवाखान्यातल्यांनी सांगितलं तसंच लिवलंय," दुसऱ्या दिवशी ती म्हणाली. "लई वेळा तपासलं. चूक न्हाय."

"'दोन्ही येत नाहीत' म्हणजे तू काय धरलंस?"

"एकबी येत न्हाय."

"त्यांना म्हणायचं होतं, दोन्हींपैकी एखादी जरी येत नसली तरी. वाक्य एक, अर्थ दोन. माणूस संदर्भानं सावरून घेतो. यंत्राला आपण देऊ तोच अर्थ."

तेजस्वी पडद्याकडं वळली. मग तिनं 'कन्नड येत नाही' आणि 'मराठी येत नाही' यांच्यामधला 'आणि' काढून 'किंवा' घातला. प्रोग्राम बरोबर चालला.

बाई तडक प्राचार्यांकडे गेल्या. कॉम्प्युटरच्या मुलांना तर्कशास्त्राचा तास हवा, म्हणाल्या.

"विभागच नाही, तास कुठला?"

"विभाग राहू दे. खोली द्या."

कॉलेज भरायच्या आधी त्या शिकवू लागल्या. सुरुवातीला तेजस्वी आणि तिच्या मैत्रिणी, एवढ्याच. मग कॉम्प्युटरचे शिक्षकच मुलांना पाठवू लागले. यंदा तो तास वेळापत्रकात आला.

विभाग मात्र अजून बंदच आहे. तो पुन्हा उघडावा म्हणून बाई दर जूनला अर्ज देतात. यंदाही दिलाय.