दोघांचा खेळ

लहानपणी कॅसेटला फुंकर मारमारून खेळलेले सगळे व्हिडिओ गेम मी घरच्या कॉम्प्युटरवर एका जागी आणून ठेवले. प्रत्येकाचं नाव लावलं, चित्र डकवलं. लग्नाचा अल्बमही मी इतक्या निगुतीनं लावला नव्हता. मग जॉयस्टिक जोडून आमचा तो बंदूकवाल्यांचा गेम सुरू केला. सवयीनं दोघांचा खेळ निवडला गेला.

"मग दादांना बोलाव की," बायको म्हणाली. "वरच्याच मजल्यावर तर आहेत."

"बोलावतो. वकिलामार्फत."

आईबाबांच्या या दुमजली घरावरून दादा आणि मी कोर्टात आहोत. दोघांच्या सह्यांशिवाय घर विकता येत नाही, आणि सही कुणीच करत नाही.

पडद्यावर माझा माणूस थोडासा धावला आणि अडकला. तेव्हा आठवलं, या खेळात दोघंही पुढे आल्याशिवाय पडदा सरकत नाही. मी मागे राहिलो की दादा ओरडायचा, "ये ना रे, तुझ्यावाचून मला जाता येत नाही!" आता त्याचा माणूस डाव्या कडेला नुसताच उभा होता. त्याला हलवणारं कुणी नव्हतं. गोळ्या येत होत्या आणि तो खात होता. मला त्याला वाचवता आलं असतं. मी बघत बसलो. एकेक करत त्याचे सगळे जीव संपले, आणि पडदा मुकाट पुढे सरकला.

वर दादाची खुर्ची करकरली. आम्ही दोघं भाऊ तरी वर-खाली बसून दुसऱ्या कशाची वाट बघतोय?