वकीलमामांची उलटतपासणी

माझे मामा भेटेल त्याच्या खांद्यावर हात ठेवून विचारायचे, "आई बरी आहे ना?" समोरच्याचं नाव आठवत नसलं तरी हा प्रश्न कुठेही चालतो, असं त्यांचं मत. पांढरकवड्याच्या बाजारात एकदा एक जण म्हणाला, "साहेब, तिले तं तुमीच खांदा देला होता." मामा अडखळले नाहीत. "म्हणूनच इचारतो, बापू. आठवण येत असंन." तो माणूस डोळे पुसत गेला. मला त्या दिवशी मामांची पहिल्यांदा भीती वाटली.

यवतमाळला त्यांची वकिली जोरात होती, आणि त्याच जोरावर ते आमदार झाले. मतं मागताना ते वऱ्हाडी बोलत, नकार देताना पुस्तकातलं मराठी. दारातल्या माणसाला पहिल्या वाक्यातच कळायचं, काम होणार की नाही.

छप्पन साली मुलींना वारसाहक्क देणारा कायदा आला, तेव्हा घाटंजीच्या सभेत मामा कडाडले, "लेक पाहुनी नाही, वारस हाय!" बाया पदर सावरून टाळ्या वाजवत होत्या. माझी आई सगळ्यात पुढे होती. वडील गेल्यावर शिवणकाम करून तिने मला शिकवलं होतं. मी नुकतीच शाळेत मास्तरीण झाले होते. सभेहून परतताना ती सारखी म्हणत होती, "पाह्यलं ना, माहा भाऊ कसा बोलते!"

पुढे आजोबा वारले. त्यांनी स्वकमाईने घेतलेलं घाटंजीजवळचं वावर मागे राहिलं. भाऊबीजेला आईने मामांना ओवाळलं. मामांनी ताटात लुगडं ठेवलं आणि वर हक्कसोडीचा कागद. आईने कागद बाजूला सारला. मामा हसत म्हणाले, "भाऊ पाहिजे का वावर, सांग."

"तूच तं सभेत सांगतलं, दादा. वावर."

मामांना ती थट्टा वाटली. मग त्यांचं हसू मावळलं आणि ते पुस्तकातलं मराठी बोलू लागले.

आईने वाटणीचा दावा लावायचं ठरवलं, पण यवतमाळचा एकही वकील आमदाराविरुद्ध उभा राहीना. शेवटी अमरावतीचे एक वकील तयार झाले. मामांनी आपली बाजू स्वतःच मांडली. काळा कोट घालून ते सख्ख्या बहिणीसमोर उभे राहिले आणि तिला 'बाई' म्हणाले.

"बाई, वडिलांच्या शेवटच्या आजारात आपण कुठे होता?"

"त्याइच्या उशाशी. तू मुंबईले गेलता, दादा."

कोर्टात हशा पिकला. मामांनी तो शांतपणे संपू दिला. मग विचारलं, "आपले यजमान दारूपायी गेले, हे खरं ना? अशा घरात जमीन टिकली असती?"

ही गोष्ट जगात दोघांनाच ठाऊक होती. वडील गेले त्या दिवशी आईने ती मामांच्याच कुशीत रडून सांगितली होती. मलासुद्धा ती त्या कोर्टातच कळली. आईने पिंजऱ्याचा कठडा धरला. न्यायाधीशांनी प्रश्न गैरलागू ठरवला, पण तोवर सगळ्या गावाने तो ऐकला होता.

निकाल आईच्या बाजूने लागला, अर्धं वावर मिळालं. निकालानंतर मामांनी तिला हाक मारली नाही. पुढची निवडणूक ते हरले, तरी 'स्त्रियांचे कैवारी' ही पाटी दारावरून उतरली नाही.

मामा अचानक हृदयविकाराने गेले. निरोप आला तेव्हा आई वावरात होती. मी धावत जाऊन सांगितलं आणि वर म्हणाले, "सुटलो एकदाचे."

आईने माझ्याकडे वळून पाहिलं. "तुहा वकील मेला असंन, पोरी. माहा भाऊ मेला."

हात धुऊन, लुगडं बदलून ती एकटीच यवतमाळच्या मोटारीत बसली. मी गेले नाही. आजही गेले नसते.